मुकी बाव : एका धोकादायक जादुई स्थळाची रचना, बिघाड आणि दुरुस्ती

चारपाणी हा काल्पनिक मुलूख कोल्हापुरात, राजारामपुरीतल्या एका रोलप्लेइंग टेबलावर उभा राहिला. रोलप्लेइंग म्हणजे प्रत्येक खेळाडूने एकेक पात्र घेऊन, त्याच्या वतीने बोलत कथा पुढे न्यायचा खेळ. खेळाडू पाच, गेम चालवणारा डीएम एक, नियम घरगुती, फासे मात्र नेहमीचे सहा आणि वीस बाजूंचे. मुलखाचा आराखडा पंचगंगेवरून घेतला आहे. कासारी, कुंभी, तुळशी आणि भोगावती या चार नद्या डोळ्यांना दिसतात, पाचवी सरस्वती गुप्त मानली जाते. चारपाणीतही चार नद्या उघड्यावरून वाहतात आणि गुप्ती नावाची पाचवी जमिनीखालून. तिचं पाणी एकाच ठिकाणी दिसतं, पठाराच्या कड्यालगत, तीन मजली दगडी इमारतीच्या पोटात. तीच मुकी बाव.

बावीतली जादू आवाजाची आहे. वरच्या दोन मजल्यांवर बोललेलं शेजारच्याला नीट ऐकू येतं, पण तोच आवाज दगडात मुरतो आणि एका घटकेनंतर, म्हणजे 24 मिनिटांनी, खालच्या मजल्यावर जसाच्या तसा बाहेर पडतो. त्याच क्षणी तिथे कोणी नवा आवाज केला तर जुना आणि नवा आवाज भिडतात आणि पायऱ्या निखळतात. तिसऱ्या मजल्यावर, पाण्याच्या काठाला, तर आवाज उमटतच नाही. पाणी तो गिळतं, आणि बोलणाऱ्याचा गळाही त्याच्याबरोबर जातो.

कथेतली गरज साधी होती. वरलं गाव आणि खाललं गाव यांच्यात पाण्याच्या पाळीवरून भांडण पेटलेलं. दोन पिढ्यांपूर्वी ठरलेली पाळी कुठे लिहिलेली नाही. दोन्ही गावांच्या कारभाऱ्यांनी ती शपथ बावीच्या तिसऱ्या मजल्यावर उच्चारली आणि दोघेही जन्मभर मुके राहिले. शपथ मोडायची नाही याची किंमत म्हणून स्वतःचा गळा गहाण ठेवायचा, अशी त्या मुलखाची रीत. खेळाडूंना ती शपथ परत ऐकून यायची आहे.

कल्पना चांगली आहे, यात वाद नाही. तरीही पहिल्या खेपेला हे स्थळ टेबलावर साफ कोसळलं. ते का कोसळलं आणि दुरुस्त कसं झालं, याचा हा तपशील.

बांधणी

मूळ नमुना पन्हाळ्याची अंधारबाव. बाहेरून पाहिली तर ती विहीर वाटतच नाही. तीन मजली इमारत, तळाला पाणी, वरच्या मजल्यांवर पहारेकऱ्यांच्या जागा आणि तटाबाहेर उघडणारी वाट. शत्रूने पाण्यात विष कालवू नये म्हणून विहिरीवर इमारत चढवायची, हा त्यामागचा हिशोब. डीएमने मजले, पहाऱ्याच्या जागा आणि तटाबाहेरची वाट या तिन्ही गोष्टी उचलल्या.

पठार मसाईच्या पठारासारखं. वर जांभा, खाली काळा बेसॉल्ट. जांभा सच्छिद्र असल्यामुळे पावसाचं पाणी त्यातून झिरपतं आणि खालच्या घट्ट थरावर अडतं. म्हणून पठाराच्या कडेला फार खोल न जाता पाणी लागणं पटण्यासारखं आहे. खोली 45 फूट ठरली. प्रत्येक मजल्याला 20 पायऱ्या, पायरी 9 इंच उंच, म्हणजे मजला 15 फुटांचा. मधोमध वरपासून पाण्यापर्यंत सरळ उभा कूप.

हे आकडे उगाच घेतलेले नाहीत. 45 फूट म्हणजे साधारण 13.7 मीटर. वरून टाकलेला दगड पावणेदोन सेकंदांच्या आत पाण्यात पडायला हवा आणि आवाज लगेच वर यायला हवा. दगड टाकला आणि दहापर्यंत मोजूनही काहीच ऐकू आलं नाही, तर खेळाडूला कळतं की खोलीचा प्रश्न नाही, दुसरंच काही आहे. प्रतिध्वनी वेगळा ऐकू यायला समोरचा पृष्ठभाग निदान 17 मीटर दूर लागतो. म्हणजे या बावीत मुळात प्रतिध्वनी नसणारच, आणि दुसऱ्या मजल्यावर उभं असताना आपलंच वाक्य ऐकू आलं तर तो प्रतिध्वनी म्हणून सोडून देता येत नाही. सायन्सचा एखादा विद्यार्थी टेबलावर असतोच. तो हे बोलून दाखवतो आणि डीएमचं काम आपोआप होतं.

पहिली मांडणी आणि तिचा हिशोब

पहिल्या मांडणीत नियम एका ओळीचा होता: बावीत आवाज करायचा नाही. प्रत्येक मजल्यावर प्रत्येक खेळाडूने वीस बाजूंचा फासा टाकायचा, 6 किंवा जास्त आले तर आवाज न करता उतरला, 5 किंवा कमी आले तर पायरी निखळली.

ऐकायला हे सोपं वाटतं. प्रत्येकाला 75 टक्के संधी आहे. पण पाच जण आहेत आणि एकाचाही पाय चुकून चालत नाही. पाचही जण एक मजला सुखरूप उतरण्याची शक्यता 0.75 चा पाचवा घात, म्हणजे सुमारे 24 टक्के. तिन्ही मजल्यांची मिळून जेमतेम 1.3 टक्के. ज्या बावीतून शंभरांपैकी नव्व्याण्णव वेळा अपयशच येणार आहे, तिला कोडं म्हणता येत नाही; तो शिक्षेचा खड्डा झाला. फासा सैल करून 3 किंवा जास्त पुरेत असं केलं, प्रत्येकाला 90 टक्के संधी दिली, तरी पंधरा फाशांनंतर उरतात 21 टक्केच. सगळ्यांनी फासा टाकायचा आणि एकाचं अपयश म्हणजे सगळ्यांचं अपयश, ही मांडणी फाशाचे आकडे बदलून सुधारत नाही. ती मोडूनच टाकावी लागते. लपून जाणं, भिंत चढणं, पूल ओलांडणं, सगळीकडे नवखे डीएम हीच चूक करतात.

दुसरा बिघाड त्याहून वाईट होता, कारण तो आकड्यांत दिसत नाही. पात्रांनी बोलायचं नाही म्हणून खेळाडूंनीही बोलायचं नाही, असं ठरलं होतं. कागदावर हे भारी वाटतं. प्रत्यक्षात पाच जण चिठ्ठ्या लिहीत बसले, एक चिठ्ठी वाचेपर्यंत दुसऱ्याने मोबाइल काढला. रोलप्लेइंगमध्ये हातात असतं ते बोलणंच. तेच काढून घेतलं तर उरतो तो लेखी पेपर.

तिसरा बिघाड वर्णनाचा. बाव भयाण होती, गूढ होती, काळोखी होती, अंगावर काटा आणणारी होती. ही सगळी विशेषणं खेळाडूला भीती वाटायला सांगतात. पाय कुठे ठेवायचा ते सांगत नाहीत. आवाजाचा धोका आहे हे पहिली पायरी निखळल्यावरच कळलं.

इशारा आणि धोका

कोल्हापुरात पावसाळ्यात लहान मुलालाही दोन आकडे पाठ असतात. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगा 39 फुटांवर गेली की इशारा पातळी, 43 वर धोका पातळी. मधल्या चार फुटांत माणूस गाडी उंचावर लावतो, गुरं हलवतो, सामान माळ्यावर चढवतो. पहिल्या मांडणीतल्या बावीला 43 होते, 39 नव्हतेच. दुसऱ्या मांडणीचं सगळं काम या एका उणिवेभोवती झालं: बाव इजा करण्याआधी प्रत्येक वेळी इशारा देईल, आणि इशारा व इजा यांच्यामध्ये काहीतरी करण्याइतका वेळ मिळेल.

बावीला राक्षस नको, पहारेकरी भूत नको, हेही इथेच ठरलं. राधानगरी धरणाचे सात स्वयंचलित दरवाजे कोणी माणूस उघडत नाही. तलाव भरला की पाण्याच्या जोरावर ते आपोआप उघडतात. बावीचंही तसंच. तिला राग नाही, दया नाही. नियम पूर्ण झाला की पायरी पडते. अशा जागेशी हुज्जत घालता येत नाही, म्हणून खेळाडू नियम शोधायला लागतात.

बोलचिठ्ठीचा नियम

सामान थोडं लागतं. तीन मजल्यांसाठी पुठ्ठ्याच्या तीन पट्ट्या, कोऱ्या चिठ्ठ्या, सहा बाजूंचे सात-आठ फासे आणि हातात मावेल असा एक दगड.

एक घटका म्हणजे 60 पळं. एक फेरी 10 पळांची, म्हणजे 4 मिनिटांची. घटकेत सहा फेऱ्या बसतात, आणि फाशालाही सहाच बाजू असतात. सगळी यंत्रणा या जुळणीवर चालते.

पात्राने आवाज केला की डीएम चिठ्ठीवर तो शब्द आणि त्याचं वजन लिहितो. कुजबुज 1, साधं बोलणं 3, ओरडणं किंवा लोखंड दगडावर आपटणं 5. चिठ्ठी त्या मजल्याच्या पट्टीवर ठेवायची आणि तिच्यावर फासा 6 वर करून ठेवायचा. दर फेरीला फासा एकाने उतरवायचा. 1 च्या पुढची फेरी आली की चिठ्ठी खालच्या पट्टीवर सरकते आणि आवाज तिथे बाहेर पडतो. लगेच फासा पुन्हा 6 वर. आणखी सहा फेऱ्यांनी ती चिठ्ठी त्याच्याही खाली जाते, आणि तिसऱ्या मजल्यावर पोहोचली की पाणी तिला गिळतं. चिठ्ठी उचलून बाजूला ठेवायची.

आवाज बाहेर पडतो त्याच फेरीत त्या मजल्यावर कोणी नवा आवाज केला, तरच टक्कर होते. मग सहा बाजूंचा एकच फासा सगळ्यांसाठी मिळून टाकायचा. जुन्या चिठ्ठीच्या वजनाइतका किंवा त्याहून कमी आकडा आला तर पाच पायऱ्या निखळतात. म्हणजे जुनी कुजबुज असेल तर सहात एक, बोलणं असेल तर निम्मी, ओरडणं असेल तर सहात पाच. निखळलेल्या पायऱ्यांवरचं पात्र 15 फूट खाली पडतं आणि सहा बाजूंच्या दोन फाशांइतकी इजा होते, सरासरी 7. दहा जीवबिंदूंच्या, म्हणजे दहा इजेत संपणाऱ्या, नवख्या पात्राला हे सहात एकदा जिवावर बेततं. धोका खरा हवा, म्हणून यापेक्षा सौम्य केलं नाही.

इशारा असा: फासा 1 वर आला की डीएमने खालच्या मजल्याचं वर्णन करताना सांगायचंच की पायऱ्यांच्या सांध्यांतून चुन्याची भुकटी गळते आहे. पुढच्याच फेरीत आवाज येणार. हे सांगायला डीएम विसरला तर टक्कर धरायची नाही, हा नियम खेळाडूंना आधीच सांगून ठेवला आहे. त्यामुळे डीएम विसरत नाही.

खेळाडूंच्या तोंडाला लावलेलं कुलूपही निघालं. दगड ज्याच्या हातात, त्याचं बोलणं पात्राचं बोलणं. दगड हातात नसताना खेळाडू मोकळेपणी बोलू शकतात, विनोदही करू शकतात, पण पात्रं एकमेकांना दर फेरीत फक्त तीन शब्दांइतकी खूण करू शकतात. तीन शब्दांत ‘मागे दोर सोड’ बसतं, मोठी योजना बसत नाही. योजना हवी असेल तर दगड उचला आणि चिठ्ठीचं वजन सोसा.

या नियमातून एक गोष्ट न ठरवता निघाली, आणि बावीचं खरं भय तेच आहे. उतरताना काही होत नाही. पहिल्या फेरीत पहिल्या मजल्यावर दोघे सहज बोलले, वजन 3. मंडळी तिसऱ्या फेरीत दुसऱ्या मजल्यावर, पाचव्यात तळाला. सातव्या फेरीत परत वर येताना दुसऱ्या मजल्यावर पोहोचतात, आणि त्याच वेळी त्यांचं स्वतःचं बोलणं तिथे बाहेर पडतं. दचकून कोणी ‘कोण आहे?’ म्हटलं की झाली टक्कर. आपल्याच आवाजाला घाबरून माणूस पडतो, आणि दोष द्यायला दुसरं कोणी नसतं.

खुणा

विशेषणांच्या जागी वस्तू आल्या. पठारावर मेंढरं चारणारा धनगर भेटतो. त्याच्या मेंढ्यांच्या घंटांमध्ये चिंध्या कोंबलेल्या असतात आणि तो म्हणतो, ‘पोरांनो, खाली गेलासा तर कुणाचं नाव घेऊ नगासा.’ जुन्या विहिरीत पारवे असायचेच, इथे एकही नाही. पाणी शेंदायला रहाट नाही. दोर आहे, त्याला कापड गुंडाळलेलं आहे, बादली चामड्याची आहे. शिवाय तो बुडाल्याचा आवाज न येणारा दगड. एक खूण सुटली तरी उरलेल्या पुरतात. एकाच खुणेवर विसंबलं की नेमकी तीच वाया जाते, कारण त्या वेळी कोणीतरी चहा आणायला उठलेलं असतं.

पायताणाचा मुद्दा खेळाडूंनीच काढला. करकर वाजणारी कोल्हापुरी पायात असेल तर काय? नियम झाला: वाजणारी चप्पल दर फेरीला वजन 1 ची चिठ्ठी. तेव्हापासून बावीच्या दाराशी चपलांची रांग लागते, देवळाबाहेर लागते तशी.

खिडकीची चूक

शपथ परत कशी मिळणार, याचं उत्तर किरणोत्सवावरून सुचलं. अंबाबाईच्या देवळात 9, 10 आणि 11 नोव्हेंबरला आणि पुन्हा 31 जानेवारी, 1 व 2 फेब्रुवारीला मावळतीची किरणं गाभाऱ्यात शिरतात. एका दिवशी चरणांपर्यंत, मग वर, मग मुखापर्यंत. दोन्ही तारखा डिसेंबरच्या अयनदिनापासून, म्हणजे वर्षातल्या सगळ्यात लहान दिवसापासून, 41-42 दिवसांवर आहेत, म्हणून सूर्य दोन्ही वेळा क्षितिजावर जवळपास त्याच जागी मावळतो. चारपाणीच्या पंचांगातही वर्षात अशा दोन त्रिदिनी ठेवल्या. तिसऱ्या दिवशी किरण तळाशी पोहोचलं की पाणी गिळलेले सगळे आवाज सोडून देतं.

पहिल्या नकाशात खिडकी वरच्या मजल्यावर होती. हे चालत नाही. मावळतीचं किरण जवळजवळ आडवं येतं. ते 45 फूट खाली वळणार नाही, समोरच्या भिंतीवरच आदळेल. एका खेळाडूने हे सेशनमध्येच दाखवून दिलं. मग खिडकी तिसऱ्या मजल्यावर, कड्याच्या उभ्या अंगाला आली. अंधारबावीची तटाबाहेरची वाट इथे कामी आली. किरण आता आडवं आत येतं, पहिल्या दिवशी उंबऱ्याला, दुसऱ्या दिवशी काठाच्या पायरीला, तिसऱ्या दिवशी मागच्या भिंतीतल्या कोनाड्याला लागतं. शपथ कोनाड्यात ऐकू येते.

किती वेळ? सूर्य आकाशात एक अंश 4 मिनिटांत सरकतो आणि त्याची तबकडी अर्ध्या अंशाची. त्यामुळे अरुंद खिडकीतून किरण कोनाड्यावर एक फेरीभर टिकतं असं धरलं. त्या एका फेरीत पाण्याने आजवर गिळलेलं सगळं एकदम बाहेर येतं. वजन मोजायची गरजच नाही. कोणी हुं जरी केलं तरी फासा न टाकता तिसऱ्या मजल्याच्या सगळ्या पायऱ्या जातात. त्यामुळे त्या चार मिनिटांत तीन शब्दांच्या खुणांशिवाय काहीही नाही, आणि शेकडो आवाजांतून दोन कारभाऱ्यांचे आवाज ओळखायचे. डीएमने यासाठी आधीच्या सेशनमध्ये दोन्ही घराण्यांतल्या माणसांच्या बोलण्याच्या लकबी पेरून ठेवायला हव्यात, नाहीतर ओळखणार कसे?

किरणोत्सवात वाटेतल्या बांधकामाने किंवा हवेतल्या धुळीने आणि बाष्पाने किरणं अडतात, हे कोल्हापूरकरांना सांगायला नको. बावीच्या खिडकीसमोर कड्यावर एक उंबर वाढला आहे. तो तोडला नाही तर किरण दुसऱ्या दिवशीच्या पायरीपुढे जात नाही. धनगर तो तोडू देत नाही, कारण उंबराखाली त्याचा देव आहे. सगळं झाड न तोडता एकच फांदी तीन दिवस दोराने बाजूला ओढून धरता येते. मात्र त्यासाठी एक पात्र बाहेर कड्यावर थांबवावं लागतं.

खेळाडू काय काय करतात

खेळाडू दोर लावून कुपातून सरळ उतरायला बघतात. उतरू द्यावं. कुपाला मजले नाहीत, म्हणून तिथला आवाज सरळ तिसऱ्या मजल्याचा धरायचा. हिसका बसून तोंडातून ‘आई गं’ निघालं की गळा गेला. मात्र बुडाल्याचा आवाज न येणाऱ्या दगडाची खूण त्यांना आधी मिळालेली असली पाहिजे, नाहीतर हा अन्याय आहे.

एका खेळाडूने गावातून कोंबडा आणून दोराला बांधून खाली सोडला. कोंबडा वर आला तो मुका. याहून स्वस्तात नियम शिकता येणार नाही, आणि असं करणाऱ्याला डीएमने कधीही अडवू नये. धोकादायक जागेची परीक्षा घ्यायला खेळाडू स्वतःचं पात्र सोडून दुसरं काही वापरतात, तेव्हा मांडणी नीट बसली आहे असं समजावं.

गळा गेलेल्या पात्राचा खेळाडू गप्प बसवायचा नाही. तो कृती सांगतो, खुणा करतो, फक्त दगड उचलू शकत नाही. गळा परत येतो तो त्रिदिनीलाच. कथेच्या मध्यावर गळा गेला आणि त्रिदिनी पाच महिन्यांनी असेल तर हे फार लांबतं. म्हणून मोहीम त्रिदिनीच्या आधी आठ-दहा दिवस सुरू करावी. एक प्रश्न मात्र मुद्दाम मोकळा ठेवला आहे: गुप्ती हे आवाज घेऊन कुठे जाते. नियम पूर्ण उघडा आणि कारण झाकलेलं, असंच ठेवायचं. उलट केलं, म्हणजे कारणाची लांबलचक पुराणकथा सांगितली आणि नियम लपवला, की खेळाडू जांभया देत मरतात.

चिठ्ठ्या आठाच्या वर गेल्या की डीएमचा हिशोब चुकायला लागतो. मग वजन 1 च्या चिठ्ठ्या पहिल्याच टप्प्यानंतर सोडून द्याव्यात. दोन जुने आवाज एकाच फेरीत एकाच मजल्यावर आले तर त्यांचीही टक्कर धरायची, असा नियम काही काळ होता. तो काढून टाकला, कारण त्यात खेळाडूंच्या हातात काहीच उरत नाही. टेबलावर तीनच खेळाडू असतील तर बोलणं कमी होतं आणि बाव फार शांत राहते; अशा वेळी फासा 6 ऐवजी 4 वर सुरू करावा, म्हणजे पहिल्या मजल्यावरचा शब्द पाचव्याच फेरीत दुसऱ्या मजल्यावर गाठतो.